‘मेजर’ म्हणून हाक मारता, पण सन्मानपत्रावर काय लिहाल?

ग्रामसभेत, शाळेच्या सभेत किंवा सोसायटीच्या बैठकीत ठरतं, की यंदा आपल्या माजी सैनिकांचा सत्कार करायचा. शाल, श्रीफळ, ट्रॉफी यांची जबाबदारी पटापट वाटली जाते. सन्मानपत्राचा मजकूर आणि दोन शब्द बोलण्याचं काम मात्र मराठीच्या बाईंकडे, ग्रामसेवकाकडे किंवा ‘तुझं अक्षर चांगलं आहे’ म्हणून एखाद्या तरुणाकडे येतं. हातात असतात चार दिवस. मग गेल्या वर्षीचा मजकूर काढून फक्त नाव बदललं जातं: ‘भारतमातेचे थोर सुपुत्र, शूर, पराक्रमी, देशासाठी सर्वस्व अर्पण करणारे...’

तो कागद घरी जातो, भिंतीवर लागतो आणि पुढची तीस वर्षं तिथेच राहतो. नातवंडं तो वाचतात. त्यात आजोबांची पलटण नसते, हुद्दा चुकलेला असतो आणि वीस-बावीस वर्षांच्या नोकरीतली एकही खरी गोष्ट नसते. हा लेख पहिल्यांदाच असं लिहिणाऱ्यांसाठी आहे. विशेषणं शोधण्यात वेळ घालवू नका, तो वेळ माहिती मिळवण्यात घाला. बरोबर हुद्दा, बरोबर पलटण आणि एक खरा तपशील यांतून जेवढा आदर पोचतो, तेवढा दहा विशेषणांतून पोचत नाही.

आधी ठरवा: हे शब्द कोणासाठी आहेत

सगळ्यांना एकच मजकूर चालत नाही. समोर सेवानिवृत्त सैनिक असेल, तर मजकूर कृतज्ञतेचा. पेन्शनला आल्यावर वयोमानाने गेलेल्या सैनिकासाठी आदरांजली. लढताना प्राण दिलेल्यासाठी ‘वीरमरण आले’, ‘वीरगती प्राप्त झाली’ किंवा ‘धारातीर्थी पडले’. नोकरीत असताना अपघाताने, आजाराने किंवा हिमस्खलनात मृत्यू आला असेल, तर ‘कर्तव्यावर असताना निधन’ असं सरळ लिहा. त्यात कमीपणा काही नाही. उलट अपघाती मृत्यूला चकमकीचा रंग दिला, की पलटणीतले सोबती कार्यक्रमाला आले तर घरच्यांनाच अवघडल्यासारखं होतं.

‘शहीद’ हा शब्द आपल्याकडे सर्रास चालतो. सैन्यदलांत तो अधिकृतपणे वापरला जात नाही, हे संरक्षण मंत्रालयाने संसदेत सांगितलेलं आहे. मराठीत ‘हुतात्मा’ आणि ‘वीरमरण’ हे शब्द आधीपासून आहेत, ते वापरा. घरच्यांना ‘शहीद’च हवा असेल तर त्यांचं ऐका. तिथे नियमापेक्षा त्यांचा शब्द मोठा.

‘माजी सैनिक’ म्हणजे भूदल, नौदल आणि हवाई दल यांतून निवृत्त झालेले. सीमा सुरक्षा दल किंवा केंद्रीय राखीव पोलीस दलातून आलेल्यांचाही सत्कार त्याच मंचावर, त्याच मानाने करा, पण त्यांच्या दलाचं नाव नीट लिहा. सगळ्यांनाच ‘लष्करातून निवृत्त’ लिहिलं, की नौदलात पंधरा वर्षं काढलेल्या माणसाला ते खटकतं. त्याच्या कागदावर पलटणीऐवजी जहाजाचं किंवा नौदल तळाचं नाव यायला हवं.

माहिती कशी काढायची

निदान आठवडाभर आधी घरी जा. फोनवर हे काम होत नाही. सकाळी दहा-अकराच्या सुमारास जा, सोबत एकच माणूस न्या. वही न्या, आणि आवाज रेकॉर्ड करणार असाल तर आधी विचारा. तोफखान्यात किंवा रणगाड्यावर नोकरी झालेल्यांना कमी ऐकू येणं नेहमीचंच, म्हणून समोर बसा, सावकाश बोला आणि टीव्ही बंद करायला सांगा.

सुरुवातीलाच ‘डिस्चार्ज बुक बघायला मिळेल का?’ असं विचारा. बहुतेक घरांत ते कपाटात, पेन्शनच्या कागदांसोबत प्लॅस्टिकच्या पिशवीत जपून ठेवलेलं असतं. भरतीची तारीख, निवृत्तीची तारीख, शेवटचा हुद्दा, दल आणि मिळालेली पदकं त्यातून कळतात. त्यातला सैनिक क्रमांक, पेन्शनचे आकडे किंवा बँकेचा तपशील उतरवून घेऊ नका. कागदाचा फोटोही काढू नका. निवृत्त सैनिकांची पेन्शनची माहिती काढून फसवणूक करणारे फोन सर्रास येतात, आणि सत्काराच्या निमित्ताने काढलेला फोटो ग्रुपवर फिरायला वेळ लागत नाही.

मग बोलतं करा. ‘काय पराक्रम केला?’ असं विचारलंत तर उत्तर येईल, ‘काही नाही हो, सगळ्यांनी केलं तेच केलं.’ त्यापेक्षा असे प्रश्न विचारा:

भरती कुठे झाली आणि सोबत गावातलं कोण होतं?
ट्रेनिंग कुठे झालं? बेळगावला, खडकीला, सागरला, नाशिकला?
पहिली पोस्टिंग कुठे लागली?
रजेवर घरी यायला किती दिवस लागायचे, कुठे गाडी बदलायला लागायची?
पत्र यायला किती दिवस लागायचे?
सगळ्यांत जास्त थंडी कुठे सोसली?
पलटणीतल्या कुणाशी अजून बोलणं होतं?

पत्राचा प्रश्न कधी वाया जात नाही. पत्त्यात गावाचं नाव नसायचं, फक्त क्रमांक, हुद्दा, नाव, पलटण आणि ‘५६ एपीओ’ किंवा ‘९९ एपीओ’, म्हणजे सैन्याचं टपाल कार्यालय. घरच्यांना आपला माणूस काश्मीरात आहे की आसामात, हे पत्त्यावरून कळायचं नाही. इथे बहुतेक वेळा घरातली बाई बोलायला लागते, आणि सन्मानपत्राला लागणारी सगळ्यांत चांगली ओळ तिच्याकडूनच मिळते. म्हणून तिला बाजूला बसवू नका. चहा आणून ठेवून ती आत गेली असेल, तर बाहेर बोलवा आणि विचारा, की ते नोकरीवर होते त्या वर्षांत घर, शेती, पोरांची शाळा हे सगळं कसं चाललं.

एक प्रश्न कधीच विचारू नका: ‘तुम्ही किती शत्रू मारले?’ पोरं मंचावर हमखास विचारतात, म्हणून शाळेत कार्यक्रम असेल तर मुलांना आदल्या दिवशी सांगून ठेवा. एखादा विषय निघाल्यावर ते गप्प झाले, तर तो विषय तिथेच सोडा. जे त्यांनी सांगितलं नाही, ते दुसऱ्याकडून ऐकून सन्मानपत्रात घालू नका.

कुणी सध्या नोकरीत असेल, तर आता त्याची पलटण कुठे आहे, कधी हलणार आहे हे लिहू नका, बोलू नका आणि फ्लेक्सवरही छापू नका. नाव, हुद्दा आणि गाव एवढं पुरे.

हुद्दा: इथेच सगळ्यांत जास्त चुका

पश्चिम महाराष्ट्रात फौजेतून आलेल्या प्रत्येकाला ‘मेजर’ म्हणायची पद्धत आहे. हाक म्हणून ती छान आहे, त्यात प्रेम आहे. कागदावर मात्र नाईकाला मेजर लिहिलं तर ती चूक ठरते, आणि ज्याने हवालदाराच्या तीन फिती कष्टाने मिळवल्या त्याला ती लागते.

भूदलात खालून वर असा क्रम आहे: शिपाई, लान्स नाईक, नाईक, हवालदार, मग नायब सुभेदार, सुभेदार, सुभेदार मेजर. त्यापुढे अधिकारी: लेफ्टनंट, कॅप्टन, मेजर, लेफ्टनंट कर्नल, कर्नल आणि वर. ‘शिपाई’ हा शब्दही सगळीकडे तोच नसतो. इंजिनिअर्समध्ये तो सॅपर, तोफखान्यात गनर, सिग्नलमध्ये सिग्नलमन, रणगाड्यांच्या रेजिमेंटमध्ये सवार. तिथेच हवालदाराला दफादार आणि सुभेदाराला रिसालदार म्हणतात. ‘दफादार’ ऐकून तुम्ही ‘हवालदार’ असं दुरुस्त केलंत, तर बरोबर होतं ते चुकीचं केलंत. हवाई दलात कॉर्पोरल, सार्जंट, वॉरंट ऑफिसर. नौदलात लीडिंग सीमन, पेटी ऑफिसर, चीफ पेटी ऑफिसर.

कागद नसेल तर जुना वर्दीतला फोटो मदत करतो. बाहीवर एक फीत म्हणजे लान्स नाईक, दोन नाईक, तीन हवालदार. खांद्यावर एक तारा आणि खाली लाल-पिवळी पट्टी असेल तर नायब सुभेदार, दोन तारे आणि पट्टी म्हणजे सुभेदार. खांद्यावर अशोकस्तंभ दिसला म्हणून लगेच मेजर लिहू नका. खाली ती पट्टी असेल तर ते सुभेदार मेजर. आणि फोटो नोकरीच्या मधल्या काळातला असू शकतो, म्हणून निवृत्तीच्या वेळचा हुद्दा विचारूनच घ्या.

काही सुभेदारांना निवृत्तीच्या सुमारास २६ जानेवारी किंवा १५ ऑगस्टला मानद लेफ्टनंट किंवा मानद कॅप्टन हा हुद्दा मिळतो. तसं असेल तर ‘मानद कॅप्टन’ असंच लिहा. ‘मानद’ गाळू नका आणि त्या जागी जुना ‘सुभेदार’ही ठेवू नका.

‘निवृत्त’ हा शब्द नावाच्या शेवटी येतो: ‘सुभेदार अमुक तमुक (निवृत्त)’. ‘निवृत्त सुभेदार’ किंवा ‘माजी सुभेदार’ नको. माणूस निवृत्त होतो, हुद्दा होत नाही, अशी त्यामागची धारणा आहे. हुद्द्याच्या आधी ‘श्री.’ किंवा ‘मा.’ लावायची गरज नाही.

पलटण लिहिताना आकडा आधी, मग रेजिमेंट: ‘६ मराठा लाइट इन्फंट्री’, ‘८ महार’. नुसतं ‘मराठा बटालियन’ म्हणजे काहीच नाही, त्या रेजिमेंटमध्ये अनेक बटालियन आहेत आणि आपली कितवी, हे प्रत्येकाला मरेपर्यंत पाठ असतं. मराठा लाइट इन्फंट्रीची पहिली पलटण ‘जंगी पलटण’ आणि दुसरी ‘काळी पाचवीन’ म्हणून ओळखली जाते. ते नाव कागदावर आलं, की म्हातारा फौजी खुर्चीत सरळ होऊन बसतो.

पदकं वाचायला शिका

घरात भिंतीवर पाच-सहा पदकं दिसली, की ‘अनेक शौर्यपदकांनी सन्मानित’ असं लिहिलं जातं. बहुतेक वेळा ते खरं नसतं. सैनिकाला ते माहीत असतं, पण कार्यक्रमात तो बोलत नाही.

पदकांचे ढोबळ तीन प्रकार धरा. शौर्याची पदकं: युद्धकाळातली परमवीर चक्र, महावीर चक्र, वीर चक्र, शांतताकाळातली अशोक चक्र, कीर्ती चक्र, शौर्य चक्र, शिवाय सेना पदक आणि नौदल-हवाई दलातली तशीच पदकं. दुसरी मोहिमेची आणि ठिकाणाची: १९७१ चे पूर्वी स्टार आणि पश्चिमी स्टार, १९९९ चे ऑपरेशन विजय स्टार, सियाचीन ग्लेशियर पदक, उंच प्रदेशातल्या सेवेचं पदक. तिसरी सेवेची आणि स्मरणाची: ९, २० आणि ३० वर्षांच्या दीर्घ सेवेची पदकं, स्वातंत्र्याच्या पन्नासाव्या वर्षाचं पदक, जे त्या वेळी नोकरीत असलेल्यांना मिळालं.

दुसऱ्या-तिसऱ्या प्रकारातली पदकं कमी महत्त्वाची नाहीत. तुमची ओळ तिथूनच निघते. ‘सियाचीन ग्लेशियर पदक’ हे तीन शब्द सांगतात, की हा माणूस त्या बर्फात राहून आला आहे. ‘शूरवीर’ हा शब्द तेवढं सांगत नाही.

पदक हातात मिळालं तर खिडकीपाशी न्या आणि कडेने फिरवून बघा. बहुतेक पदकांच्या कडेवर बारीक अक्षरांत क्रमांक, हुद्दा, नाव आणि पलटण कोरलेली असते. हुद्दा ते पदक मिळालं तेव्हाचा असतो, म्हणून शेवटच्या हुद्द्याशी तो जुळला नाही तर गोंधळू नका. १९६५ च्या आधीच्या जनरल सर्व्हिस मेडलच्या रिबिनीवर एक आडवी पट्टी असते, तिच्यावर ‘गोवा १९६१’ किंवा ‘नेफा १९६२’ (नेफा म्हणजे आजचा अरुणाचल प्रदेश) असं ठिकाण आणि वर्ष सापडू शकतं. पदक पुसून चकचकीत करून देऊ नका. जिथून काढलं तिथेच परत ठेवा.

मोहिमेच्या नावासोबत वर्ष लिहायलाच हवं. ‘ऑपरेशन विजय’ १९६१ मध्ये गोव्याच्या मुक्तीसाठी झालं आणि १९९९ मध्ये कारगिललाही तेच नाव होतं. श्रीलंकेतली मोहीम ‘ऑपरेशन पवन’, १९८७ ते १९९०. सियाचीनचं ‘ऑपरेशन मेघदूत’ एप्रिल १९८४ मध्ये सुरू झालं. संसदेवरच्या हल्ल्यानंतर २००१-०२ मध्ये सीमेवर झालेली मोठी जमवाजमव म्हणजे ‘ऑपरेशन पराक्रम’. ज्या वर्षी नोकरी सुरूच झाली नव्हती त्या वर्षीचं युद्ध मजकुरात घुसणं ही फार नेहमीची चूक आहे, म्हणून भरतीचं वर्ष समोर ठेवून मोहिमा तपासा.

सन्मानपत्राचा मजकूर

१२० ते १५० शब्द पुरतात. जास्त झाले तर अक्षर बारीक होतं आणि भिंतीवरून वाचता येत नाही. मजकुरात पाच गोष्टी, याच क्रमाने: नाव-हुद्दा-पलटण, कधीपासून कधीपर्यंत, कुठे कुठे, एक खरा तपशील, आणि शेवटी कोण कशासाठी आभार मानतंय.

सैन्यात सगळेच बंदूक घेऊन खंदकात नसतात. ड्रायव्हर, स्वयंपाकी, क्लार्क, नर्सिंग असिस्टंट, गाड्या दुरुस्त करणारे कारागीर अशी कितीतरी माणसं असतात. त्यांच्या सन्मानपत्रात ‘सीमेवर शत्रूशी झुंज दिली’ असं लिहून त्यांना खोटं मोठं करायची गरज नाही. सप्लायमध्ये ड्रायव्हर असलेल्या एका हवालदारासाठी मजकूर असा होऊ शकतो:

‘हवालदार ______ (निवृत्त), आर्मी सर्व्हिस कोअर. आपण १९८८ ते २०१० अशी बावीस वर्षं भारतीय सेनेत सेवा केलीत. श्रीनगर ते लेह या रस्त्यावर, जोजिला ओलांडून, आपण पुढच्या चौक्यांसाठी रसद आणि दारूगोळा पोचवलात. १९९९ च्या उन्हाळ्यात, ऑपरेशन विजयच्या वेळी, तोफांचा मारा होत असलेल्या रस्त्याने रात्री दिवे न लावता गाडी चालवलीत. वर लढणाऱ्याच्या हातात गोळी आणि ताटात भाकरी पोचली, ती आपल्यामुळे. त्या वर्षांत सौ. ______ यांनी घर आणि शेती एकटीने सांभाळली. आपण दोघांनी गावासाठी आणि देशासाठी जे केलं, त्याबद्दल आम्ही सर्व ग्रामस्थ कृतज्ञ आहोत.’

यात एकच विशेषण आहे, ‘कृतज्ञ’, आणि ते आपल्याला लावलेलं आहे, त्यांना नाही. दिवे न लावता गाडी चालवण्याची ओळ त्यांनी सांगितली असेल तरच लिहायची. नसेल सांगितली, तर दुसरी काहीतरी सांगितलेली असेल, ती लिहा.

मजकूर तयार झाला की तो त्यांना दोन दिवस आधी वाचून दाखवा. हातात देऊन ‘बघा’ म्हणू नका. चष्मा सापडत नाही, आणि तुमच्यासमोर चूक दाखवायला संकोच वाटतो. मोठ्याने वाचलंत की ते आपणहून थांबवतात: ‘ते चौसष्ट नाही, पासष्ट.’ कार्यक्रमात अचानक आश्चर्याचा धक्का देण्यापेक्षा ही दुरुस्ती मोलाची आहे.

डीटीपीच्या दुकानात बसून घ्या. तुम्ही मोबाईलवर पाठवलेला मजकूर तिथे दुसऱ्या फॉन्टमध्ये बदलला जातो किंवा पुन्हा टाइप होतो, आणि तेव्हा जोडाक्षरं तुटतात. ‘राष्ट्र’, ‘शौर्य’, ‘कर्तव्य’, ‘इन्फंट्री’ हे चार शब्द शोधून बघा, ते नीट असतील तर बाकी बहुधा नीट असतं. आकडे आधी लिहिलेल्या कागदाशी ताडा. फोटोकडेही बघा: मांडणी जुळावी म्हणून फोटो आडवा उलटवायची सवय असते, आणि मग पदकं डाव्या छातीऐवजी उजवीकडे दिसतात. सामान्य माणसाच्या लक्षात येत नाही, फौजीच्या पहिल्याच नजरेत येतं.

मंचावर बोलताना

सावकाश बोललं तर मिनिटाला साधारण शंभर शब्द होतात. एका माणसासाठी दोन मिनिटं धरा, म्हणजे दोनशे शब्द. ध्वजवंदनानंतर कार्यक्रम असेल तर लोक उन्हात उभे असतात, म्हणून पाच जणांचा सत्कार पंधरा मिनिटांत संपला पाहिजे. पाहुण्यांची भाषणं आधी आणि सत्कार शेवटी ठेवलात, तर ऐंशी वर्षांचा माणूस दीड तास ताटकळतो. सत्कार आधी करा. म्हाताऱ्या फौजीला मंचाच्या पायऱ्या चढायला लावण्यापेक्षा सरपंचांनी खाली उतरून शाल घालावी, ते जास्त शोभतं.

बोलताना कागद हातात ठेवा, हुद्दा आणि पलटण वाचूनच सांगा. सुरुवात ‘जय हिंद’ने करा, फौजींमध्ये तोच रामराम आहे. मराठा लाइट इन्फंट्रीचे जवान असतील तर शेवटी ‘बोला श्री छत्रपती शिवाजी महाराज की जय’ ही त्यांची युद्धघोषणा त्यांनाच द्यायला सांगा. महार रेजिमेंटचे असतील तर ‘बोलो हिंदुस्तान की जय’. आपण ती आधी देऊन टाकू नये. सत्तरी ओलांडलेला माणूस ती कशी देतो, ते ऐकण्यासारखं असतं.

मंचामागे फटाक्यांची माळ लावू नका. स्फोट जवळून पाहिलेला माणूस त्या आवाजाने दचकतो, आणि सगळ्यांसमोर दचकणं त्याला नकोसं वाटतं.

वीरपत्नी आणि वीरमाता यांच्याशी

इथे शब्द कमी आणि जपून. ‘विधवा’ हा शब्द मजकुरात आणि निवेदनात नको. वीरपत्नी, वीरमाता, वीरपिता असं म्हणा. ‘तुमचं दुःख आम्ही समजू शकतो’ असं म्हणू नका, कारण आपण समजू शकत नाही. ‘रडू नका, अभिमान बाळगा’ हेही नको. मुलांना जवळ घेऊन ‘आता तूही फौजी होणार ना?’ असं माईकवर विचारू नका. दहा वर्षांच्या पोराला सगळ्या गावासमोर ‘हो’ म्हणावंच लागतं.

मग म्हणायचं काय? त्यांच्या माणसाचं नाव घ्या, पूर्ण, हुद्द्यासकट. लोक नाव घ्यायचं टाळतात, घरच्यांना वाईट वाटेल म्हणून. बहुतेक घरांना उलट हवं असतं. त्याच्याबद्दलची गावाला माहीत असलेली एखादी साधी आठवण सांगा: तो कबड्डीत कसा होता, रजेवर आला की पहिला कुणाच्या घरी जायचा. आणि म्हणा, ‘ते गावाच्या लक्षात आहेत.’

सत्कारात साडी-ओटी, हळदीकुंकू असेल तर आधी त्यांना एकांतात विचारा. कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने २०२२ मध्ये विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव केला, आणि त्यानंतर बऱ्याच गावांत विचार बदलला आहे. तरी मंचावर सर्वांसमोर करंडा पुढे करून कुणाला पेचात टाकू नये. इतर बायकांना ओटी आणि वीरपत्नीला नुसता गुच्छ, हा फरक तर अजिबात नको. शंका असेल तर सगळ्यांचाच सत्कार शाल आणि पुस्तक देऊन करा.

त्यांच्या माणसाची पदकं त्यांनी लावायची असतील, तर ती उजव्या छातीवर लावतात. स्मारकावर अभिवादन करताना जवळच्या नातेवाइकांना सेनेने तशी मुभा दिलेली आहे. डाव्या छातीवरची जागा पदक मिळवणाऱ्याची स्वतःची.

पार्थिव गावात येतं त्या दिवशी हजारो लोक जमतात. त्या दिवशी तुमच्या शब्दांची गरज फारशी नसते. तिसऱ्या महिन्यात, पहिल्या दिवाळीला आणि वर्षश्राद्धाला घर रिकामं असतं. दोन ओळींचं पत्र किंवा निरोप तेव्हा पाठवा: ‘वहिनी, आज ______ दादांची आठवण आली. रविवारी सकाळी येऊन जातो, काही आणायचं असेल तर सांगा.’ ‘काही लागलं तर कळवा’ यापेक्षा वार आणि वेळ सांगितलेली बरी, कारण आपणहून कळवणारं कुणी नसतं. फ्लेक्स लावायचाच असेल तर त्यावर एकच फोटो, त्यांचा. खाली शुभेच्छुकांची रांग नको.

दगडावर लिहायचं असेल

कागद पुन्हा छापता येतो, दगड नाही. साताऱ्याजवळच्या अपशिंगे मिलिटरी या गावातले ४६ जण पहिल्या महायुद्धात मारले गेले. त्या काळात अशा गावांत लावलेल्या पाट्यांचा मजकूर बघा: या गावातून इतके जण १९१४ ते १९१९ च्या महायुद्धाला गेले, त्यांपैकी इतक्यांनी प्राण दिले. एक वाक्य आणि दोन आकडे. शंभर वर्षांनी वाचलं तरी मनाला भिडतं. पुण्यात असाल तर खडकीच्या युद्ध दफनभूमीत जाऊन या. तिथे अधिकारी असो वा शिपाई, दगड सारखेच आहेत.

म्हणून फलकावर नावं हुद्द्याप्रमाणे वर-खाली लावू नका. वीरमरणाच्या तारखेप्रमाणे किंवा अकारविल्हे लावा. प्रत्येक नावापुढे हुद्दा, पलटण, ठिकाण आणि तारीख. नाव दिल्लीच्या राष्ट्रीय युद्ध स्मारकावर असेल तर त्याच्या संकेतस्थळावर शोधता येतं, आणि जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयातही विचारता येतं. शाळेच्या दाखल्यावरचं नाव आणि सैन्यातलं नाव वेगळं असू शकतं, तेव्हा कुठलं कोरायचं ते घरच्यांना ठरवू द्या.

अक्षरांची उंची एक इंचाहून कमी नको, नाहीतर सात-आठ फुटांवरून वाचता येत नाही. काळ्या ग्रॅनाइटवर सोनेरी रंग सुरुवातीला उठून दिसतो, पण दोन-तीन पावसाळ्यांत उडतो, म्हणून अक्षर खोल कोरलेलं हवं. रंग गेला तरी वाचता आलं पाहिजे. कोरण्याआधी मूळ आकाराचा कागदी नमुना काढून भिंतीवर चिकटवा आणि घरच्यांना वाचू द्या. त्यावर त्यांची सही घेतल्याशिवाय छिन्नी लागू देऊ नका. रफार आणि अनुस्वार याच टप्प्यावर सापडतात. खाली ‘समस्त ग्रामस्थ’ एवढंच. पदाधिकाऱ्यांची नावं हुतात्म्यांच्या फलकावर नसावीत.

अनावरणाला फलकावर तिरंगा पांघरू नका, ध्वजसंहितेत त्याला मनाई आहे. साधं पांढरं किंवा भगवं कापड घ्या. पुष्पचक्र वाहिल्यावर दोन मिनिटं शांतता. घड्याळ लावून पूर्ण दोन मिनिटं, कारण निवेदक बहुधा तीस सेकंदांतच ‘धन्यवाद’ म्हणतो.

तारीख निवडताना

१४ जानेवारी हा माजी सैनिक दिन, पण आपल्याकडे त्याच दिवशी बहुधा संक्रांत येते आणि बायका वाणाच्या गडबडीत असतात. सकाळी लवकर ठेवा किंवा १५ तारखेला, सेना दिनाला घ्या. ४ फेब्रुवारी हा मराठा लाइट इन्फंट्रीचा दिवस, सिंहगडाच्या लढाईच्या आठवणीचा. २६ जुलै, कारगिल विजय दिवस, भर पावसात आणि लावणीच्या दिवसांत येतो, म्हणून छप्पर असलेली जागा बघा. ४ डिसेंबर नौदलाचा, ८ ऑक्टोबर हवाई दलाचा, १६ डिसेंबर १९७१ च्या विजयाचा. ७ डिसेंबरला ध्वजदिन असतो, त्या दिवशी निधी गोळा केलात तर तो जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात भरून पावती घ्या.

१९७१ ला नुकतेच भरती झालेले जवान आज सत्तरीच्या पुढे आहेत आणि १९६५ वाले त्याहून थकलेले. गावात असं कुणी असेल, तर तारखेची वाट न बघता या रविवारीच वही घेऊन जा. त्यांनी सांगितलेलं सगळं सन्मानपत्रात मावणार नाही. उरलेलं सुवाच्य अक्षरात लिहून एक प्रत घरी आणि एक प्रत शाळेच्या किंवा ग्रामपंचायतीच्या कपाटात ठेवा. वर नाव, हुद्दा, पलटण आणि तुम्ही ऐकलंत ती तारीख घाला.